साना ना न्हादा आणि गिनी-बिसाऊची रीळं: दोन तासांत काय दाखवावं?

चित्रकथी

फिल्म क्लबच्या पुढच्या कार्यक्रमासाठी गिनी-बिसाऊचे चित्रपटकार साना ना न्हादा हे नाव पक्कं झालंय. हातात दोन तास, प्रेक्षक साठेक. त्यातल्या बहुतेकांना गिनी-बिसाऊ नकाशात सापडणार नाही, म्हणून आधी थोडी पार्श्वभूमी. सेनेगलच्या खाली, अटलांटिकच्या काठावरचा हा छोटा देश. शेजारी नुसता 'गिनी' आहे तो वेगळा, त्याची राजधानी कोनाक्री.

ना न्हादांचा जन्म १९५० चा. पोर्तुगीजांविरुद्धचा लढा चालू असताना, १९६७ मध्ये, पीएआयजीसी या स्वातंत्र्यलढ्याच्या पक्षाचे नेते अमिल्कार काब्राल यांनी चार तरुणांना चित्रपट शिकायला क्यूबाला धाडलं: ना न्हादा, फ्लोरा गोमेश, जुझे बोलामा आणि जोझेफिना क्रातो. परत आल्यावर त्यांनी मुक्त भागातलं जीवन, स्वातंत्र्याची घोषणा आणि नव्या देशाची पहिली वर्षं टिपली. पुढे राष्ट्रीय चित्रपट संस्था निघाली, तिची धुरा ना न्हादांनी बरीच वर्षं वाहिली. १९९८-९९ च्या यादवीत संस्थेची नासधूस झाली. उरलेली रीळं २०१२ मध्ये बर्लिनच्या आर्सेनाल संस्थेत डिजिटल झाली, त्यामागे फिलिपा सेझार या पोर्तुगीज चित्रपटकर्तीचा पुढाकार होता.

माझं मत असं की त्यांचे पूर्ण झालेले चित्रपट बाजूला ठेवून आधी ही अर्धवट, बिनआवाजी रीळं दाखवावीत. समितीतल्या काहींना 'सुरुवात, मध्य, शेवट असलेलं काहीतरी' हवंय. प्रश्न तीन:

१. क्रम काय असावा?
२. रीळांना आवाज का नाही, हे प्रेक्षकांना पाच मिनिटांत कसं सांगायचं?
३. हा माणूस माहितीपटकार की पक्षाचा कॅमेरामन? हा प्रश्न सभागृहातून येणारच.

खवचट खारूताई

समितीला सांगा, सुरुवात १९६७, मध्य १९८०, शेवट व्हिनेगर.

रीळमास्तर

खारूताईंनी विनोदात खरं तेच सांगितलं. त्यामुळे दुसऱ्या प्रश्नाआधी रीळ मरतं कसं ते बघू, कारण पडद्यावर जे डाग, उड्या आणि पांढरे पट्टे दिसणार आहेत त्यांचं मूळ तिथे आहे.

ही फिल्म १६ मिमीची, ॲसिटेटच्या पट्टीवरची. ॲसिटेटला उष्णता आणि दमटपणा मिळाला की त्यातून ॲसेटिक ॲसिड सुटतं. तेच ॲसिड पुढच्या विघटनाला चालना देतं, म्हणजे एकदा सुरू झालेली प्रक्रिया आपणहून वाढत जाते. डबा उघडल्यावर व्हिनेगरचा वास येतो, पट्टी आखडते, कडा लाटांसारख्या वळतात, शेवटी इमल्शन (चित्र धरून ठेवणारा थर) सुटून येतं. २१ अंश आणि ५० टक्के आर्द्रतेत नव्या ॲसिटेटला ही लागण व्हायला साधारण ४० वर्षं लागतात. बिसाऊची हवा कोकणासारखी, जून ते ऑक्टोबर धो धो पाऊस, आणि वीज बेभरवशाची. तिथे ही मुदत निम्म्याहूनही खाली येते.

तपासणी नाकावर सोडत नाहीत. डब्यात एडी पट्टी (ॲसिड लागलं की रंग बदलणारा कागद) ठेवतात, खोलीच्या तापमानाला एक दिवस. निळी राहिली तर ठीक, हिरवट झाली तर लागण सुरू, पिवळी झाली तर घाई करा. मोजपट्टी ० ते ३ ची, आणि १.५ ला पोचलेलं रीळ लगेच बाकीच्यांपासून वेगळं काढायचं, कारण वाफ शेजारच्या डब्यांना लागते. गंजके पत्र्याचे डबे फेकून हवा खेळणारे पॉलिप्रॉपिलीनचे डबे वापरायचे. घट्ट झाकण लावून ॲसिड आत कोंडणं ही सर्वात जास्त आढळणारी चूक.

मग आखडणं मोजायचं. १६ मिमीच्या निगेटिव्हमध्ये १०० छिद्रांचं अंतर ७६०.५ मिमी भरायला हवं, प्रिंटमध्ये ७६२. साडेसात मिमी कमी भरलं तर एक टक्का आखडलं. एवढं आखडलेलं रीळ दातेरी चाकांच्या प्रोजेक्टरवर चढवलं तर छिद्रं फाटतात. त्याला दात नसलेला, रबरी रोलरवर चालणारा आणि छिद्रं प्रकाशाने वाचणारा स्कॅनरच लागतो.

बुरशी असेल तर पाणी अजिबात नाही. बुरशी जिलेटीन खाते आणि उरलेलं इमल्शन पाण्यात विरघळण्याजोगं होतं. ओला बोळा फिरवला की चित्रच बोळ्यावर येतं.

ध्वनिवेडा

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मी देतो. पहिली गोष्ट, 'मूक' म्हणू नका. आवाज होता, पण वेगळ्या फितीवर.

१६ मिमीच्या माहितीपटात चित्र कॅमेऱ्यात आणि आवाज पाव इंची फितीवर, नाग्रासारख्या रेकॉर्डरवर, जातो. साडेसात इंच प्रतिसेकंद वेगाने पाच इंची चकतीवर १६ मिनिटं मावतात. इकडे १०० फुटी रीळ २४ चौकटींच्या वेगाने २ मिनिटं ४६ सेकंद चालतं, ४०० फुटी रीळ ११ मिनिटं. म्हणजे एका फितीच्या वाट्याला पाचसहा रीळं येतात, आणि कुठल्या फितीचा कुठला तुकडा कुठल्या रीळाचा हे फक्त क्लॅप, तोंडी घोषणा आणि कॅमेरा शीट (शॉटच्या नोंदींचा कागद) यांवरून कळतं. चित्रपट पूर्ण होऊन एकत्र प्रिंट निघेपर्यंत हे सगळं सुटं असतं. शीट हरवलं, क्लॅप कापला गेला की चित्र आणि आवाज एकमेकांना अनोळखी.

त्यात स्प्रिंगवर चालणारा कॅमेरा असेल (बोलेक्स प्रकारातला), तर एका चावीत जेमतेम २८ सेकंदांचा शॉट निघतो आणि स्प्रिंग सैल पडेल तसा वेग हलतो. अशा शॉटला ओठाबरोबर जुळणारा आवाज मुळात घेताच येत नाही, फक्त वातावरणाचा घेता येतो.

आज जुळवणी करायची तर असं करतात: भाषण असेल तर त्याचा छापील मजकूर घ्यायचा, ओठ बंद होणारी अक्षरं (प, ब, म) चित्रात शोधायची, तिथे आवाज बसवायचा. मग घसरण मोजायची. वेगात एक टक्क्याचा फरक असेल तर मिनिटाला ०.६ सेकंद घसरतं, म्हणजे अर्ध्या मिनिटातच डोळ्याला खुपतं. २४ ने काढलेलं २५ ने स्कॅन केलं तर चार टक्के वेग वाढतो आणि आवाज अर्ध्या सुराहून थोडा कमी चढतो. काब्रालांचा आवाज चिरका करून ऐकवू नका म्हणजे झालं.

पाच मिनिटवाला

ध्वनिवेडा, हे पाच मिनिटांत? :)

ध्वनिवेडा

पाच मिनिटांचं हवं तर एक ओळ: 'आवाज दुसऱ्या डब्यात होता आणि डब्यांवरच्या चिठ्ठ्या युद्धात गेल्या.'

दर्यावर्दी

तिसऱ्या प्रश्नाकडे वळतो. हा प्रश्न सोडवायचा तर तारखा नीट लावाव्या लागतात.

सशस्त्र लढा जानेवारी १९६३ मध्ये तितेच्या छावणीवरच्या हल्ल्याने सुरू झाला. २० जानेवारी १९७३ ला कोनाक्रीत काब्रालांचा खून झाला. त्याच वर्षी २४ सप्टेंबरला बुएच्या टेकाडी, विरळ वस्तीच्या मुलखात स्वातंत्र्य जाहीर झालं. पोर्तुगाल तेव्हा अजून लढतच होता. लिस्बनमधली क्रांती २५ एप्रिल १९७४ ची, आणि मान्यता १० सप्टेंबर १९७४ ला. म्हणजे जवळपास वर्षभर हा देश कागदावर होता, जंगलात होता आणि राजधानी शत्रूच्या हातात होती. अशा वेळी रीळ हाच पुरावा: शाळा चालते, दवाखाना चालतो, लोकनिवडीची सभा भरते. काब्रालांना चित्रपट हवा होता तो यासाठी. प्रौढांतले बहुसंख्य निरक्षर, त्यामुळे पत्रकं काढून उपयोग नव्हता. आणि बाहेरच्या जगाला, विशेषतः संयुक्त राष्ट्रांना, दाखवायला काहीतरी हवं होतं.

मग हा प्रचार का? हो, पण काय टिपायचं हे ठरवण्यातही इतिहास असतो.

गोव्याचा धागाही खरा आहे. पोर्तुगीज वसाहतींमधल्या चळवळींची एकत्र संघटना एप्रिल १९६१ मध्ये कासाब्लांकाला स्थापन झाली, तिच्यात गोव्याचे प्रतिनिधी होते. त्यात पुढे मोठं नाव झालेले आक्विनो द ब्रागांसा बार्देशचे. आठ महिन्यांनी, १९ डिसेंबरला, गोवा मोकळा झाला. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझारने त्याचा राग गव्हर्नर वासालो इ सिल्व्हांवर काढला आणि आफ्रिकेतल्या वसाहती मात्र आणखी घट्ट धरल्या. गोव्याहून आलेले प्रेक्षक असतील तर हे दोन वाक्यांत सांगा, खोली लगेच जागी होते.

शेवंता

दर्यावर्दी, 'काय टिपायचं हे ठरवण्यातही इतिहास असतो' हे वाक्य छान आहे, पण त्याच न्यायाने 'काय टिपलं नाही' हेही सांगा.

पोर्तुगीज सैन्यात असलेल्या आफ्रिकी कमांडोंना स्वातंत्र्यानंतर मोठ्या संख्येने गोळ्या घातल्या गेल्या. १९८० च्या सत्तापालटानंतर सामूहिक थडगी जाहीरपणे दाखवली गेली. संस्थेच्या कॅमेऱ्यासमोर शाळा, भातशेती, सहकारी दुकान आणि परेड होती. ही माणसं नव्हती. राज्यसंस्थेचं रीळ, राज्यसंस्थेचा कॅमेरा, राज्यसंस्थेचा पगार. आपल्याकडे चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचा वृत्तपट सक्तीने बघणारी पिढी आहे, तिला हे वेगळं सांगायला नको.

तरीही कार्यक्रम व्हावाच, याच्याशी सहमत. फक्त 'सत्याचा साक्षीदार' वगैरे पत्रिकेवर छापू नका.

दर्यावर्दी

@शेवंता, मान्य. पण एक फरक लक्षात घ्या. फिल्म्स डिव्हिजनच्या हाताशी देशातच लॅब होती, वितरण होतं, आणि थिएटरवाल्याला वृत्तपट लावण्याची अट होती. बिसाऊकडे लॅबच नव्हती. रीळ परदेशात धुवायला जायचं, तिथून कधी यायचं, यायचं की नाही, हे त्या देशाशी संबंध कसे आहेत यावर. त्यामुळे त्यांच्या बाबतीत सेन्सॉर करायला पूर्ण चित्रपटच कमी होते. राजवट रीळाला आवर घालायच्या आत दारिद्र्यानेच घातला.

रीळमास्तर

यात तांत्रिक भर. चित्रण झालेलं पण न धुतलेलं रीळ उष्णतेत पडून राहिलं की सुप्त प्रतिमा (धुण्याआधीची, न दिसणारी) विरते आणि धुकं चढतं. काळे भाग करडे होतात, सावलीतले चेहरे आधी जातात. काळ्या त्वचेचे चेहरे सावलीत हेच या रीळांचं मुख्य चित्र, त्यामुळे नुकसान नेमकं तिथेच. स्कॅन करताना उजळपणा एका शॉटला ठरवून सगळ्याला लावला की झाडं नीट दिसतात आणि माणसं आकृत्या होतात. शॉटगणिक बघावं लागतं.

कृष्णधवल असणं ही मात्र कृपा. चांदी टिकते. त्या काळातल्या रंगीत प्रिंटमधला निळसर रंग आधी उडतो आणि सगळं गुलाबी होतं.

खवचट खारूताई

फ्लोराबाईंबद्दल कोणी काहीच बोलेना. एकमेव बाई, तिच्यावर एक तरी परिच्छेद?

दर्यावर्दी

खारूताई, फ्लोरा गोमेश पुरुष आहेत! बाई म्हणजे जोझेफिना क्रातो. गोमेश पुढे सेनेगलमध्ये पॉलिन सुमानू व्हिएरांच्या हाताखाली शिकले आणि १९८८ मध्ये 'मोर्तु नेगा' हा देशाचा पहिला कथापट केला.

बायांवर परिच्छेद हवाच असेल तर तितिना सिला. पीएआयजीसीची लढवय्यी, ३० जानेवारी १९७३ ला काब्रालांच्या अंत्यविधीला निघालेली असताना मारली गेली. तो दिवस तिथे राष्ट्रीय महिला दिन म्हणून पाळतात.

खवचट खारूताई

खिक्. पत्रिकेत 'फ्लोराताई' छापून यायच्या आत कळलं हे बरं.

पडद्यामागचा

क्यूबातून काय शिकून आले हे कोणी सांगितलं नाही, आणि क्रम ठरवायला ते महत्त्वाचं आहे.

तिथे सांतियागो आल्वारेझ दर आठवड्याला वृत्तपट काढायचे, १९६० पासून. नाकेबंदीमुळे नवं फुटेज तुटपुंजं. मग जुनी छायाचित्रं, वर्तमानपत्रांची कात्रणं, परदेशी टीव्हीवरून उचललेले तुकडे, वर गाणं, मध्ये मोठ्या अक्षरांतली पाटी. निवेदक कमी, कात्री जास्त. ही पद्धत शिकलेला माणूस रीळ टिपतानाच जोडणीचा विचार करतो. म्हणून ना न्हादांच्या सुट्या शॉटमध्येही हात, पाय, चेहरा, गर्दी असे तुकडे मिळतात. नुसती 'पुढारी भाषण करतो' अशी लांब दृश्यं कमी. प्रेक्षकांना हे आधी सांगितलं तर ते न जोडलेल्या फुटेजमध्ये जोडणी शोधायला लागतात.

आता दाखवण्याचं. २०१४ मध्ये हे डिजिटल झालेलं साहित्य गिनी-बिसाऊमध्ये फिरत्या सिनेमाने दाखवलं गेलं तेव्हा ते नुसतं चालवलं नाही. बिनआवाजी रीळ चालू असताना ना न्हादा, गोमेश माइक घेऊन सांगत होते: हा कोण, हे गाव कुठलं, इथे त्या दिवशी काय झालं. सेझार यांच्या २०१७ च्या 'स्पेल रील' या ९६ मिनिटांच्या माहितीपटात ते दिसतं. तुमच्याकडेही मराठीत जिवंत निवेदन ठेवा. लिहून काढा, प्रत्येक शॉटचा वेळ समासात घाला, आणि शॉट बदलल्यावर तीन सेकंद गप्प राहायचं हा नियम पाळा. नाहीतर प्रेक्षक निवेदकाकडे बघतात, पडद्याकडे नाही.

सूरसंगम

निवेदनापेक्षा मागे 'कोरा' हे तंतुवाद्य लावलं तर? पश्चिम आफ्रिकेचंच आहे, वातावरण तयार होईल.

ध्वनिवेडा

कृपया नको. आवाज हरवला आहे ही या रीळांची अवस्था आहे, त्यावर सुंदर संगीत ओतलं की ती लपते. शिवाय लढ्याच्या छावणीवर दरबारी परंपरेचं वाद्य? फारच वाटलं तर त्या काळचे रेडिओचे तुकडे. तेही रीळ थांबवून, अंधारात, वेगळे ऐकवा.

शेवंता

ध्वनिवेडा +१. पण 'कृपया नको'च्या आधी सूरसंगमच्या मुद्द्यातलं खरं काय ते बघा. वीस मिनिटं पूर्ण शांततेत साठ माणसं बसत नाहीत. खुर्च्या करकरतात, मोबाइल निघतात. शांत तुकडा सलग सात-आठ मिनिटांच्या वर नको.

काजूगर

अवांतर आहे, पण पूर्ण अवांतर नाही. तुमच्यातल्या अनेकांनी गिनी-बिसाऊ खाल्ला आहे. त्या देशाच्या निर्यातीचा फार मोठा हिस्सा कच्चा काजू आहे, आणि तो कवचासकट मुख्यतः भारतात आणि व्हिएतनामला येतो. सिंधुदुर्ग, गोवा, मंगळूर, कोल्लम इथल्या कारखान्यांत फुटतो. व्यापारात 'बिसाऊ' हा दर्जाच आहे: ८० किलोच्या पोत्यात साधारण ५० ते ५३ पौंड गर निघतो, पश्चिम आफ्रिकेतल्या इतर बऱ्याच मालापेक्षा जास्त. हंगाम एप्रिल ते जून. जूनमध्ये तिथे पाऊस लागतो, त्यामुळे माल त्याआधी वाळवून, ओलावा आठ-दहा टक्क्यांवर आणून जहाजात चढवावा लागतो. ओला भरला तर कंटेनरला आतून घाम सुटतो आणि इथे उघडल्यावर गर पिवळा पडलेला.

झाड दोन्हीकडे पोर्तुगीजांनीच ब्राझीलहून आणलं. तिथल्या १९७० च्या दशकातल्या रीळात भातशेती दिसते. आज त्याच गावांत काजूची झाडं आहेत आणि तांदूळ बाहेरून येतो, काजू देऊन तांदूळ घ्यायचा. राष्ट्रीय बदल म्हणतात तो हाच. कार्यक्रमात एक नकाशा आणि एक वाटी काजू ठेवा.

दर्यावर्दी

काजूगर, हे अवांतर नाहीच. काब्राल स्वतः शेतीतज्ज्ञ, १९५३ मध्ये त्यांनी पोर्तुगीज गिनीची (आजचं गिनी-बिसाऊ) शेती-गणना केली होती, गावोगाव फिरून. भातशेती रीळात वारंवार दिसते त्यात आश्चर्य नाही. तुमची वाटी मी समितीपुढे मांडायला तयार आहे.

आता एका शॉटबद्दल सविस्तर, कारण शेवंताच्या आक्षेपाला खरं उत्तर तिथे आहे.

फ्रेंच चित्रपटकार क्रिस मार्कर १९७९-८० च्या सुमारास बिसाऊला शिकवायला आले होते. त्यांच्या १९८३ च्या 'सां सोलेय'मध्ये बिसाऊच्या कार्निव्हलची दृश्यं आहेत, ती ना न्हादांची, श्रेयनामावलीत तसं लिहिलंय. त्याच चित्रपटात फेब्रुवारी १९८० चा एक समारंभ आहे. राष्ट्राध्यक्ष लुईश काब्राल (अमिल्कार यांचे सावत्र भाऊ) लढ्यातल्या सैनिकांना लष्करी हुद्दे देतात. नीनो व्हिएरा पुढे येतो, मिठी मारली जाते, नीनोच्या डोळ्यांत पाणी. बघणाऱ्याला वाटतं, जुन्या साथीदाराचा गहिवर. १४ नोव्हेंबर १९८० ला याच नीनोने लुईश काब्रालांची सत्ता उलथली. मग ते पाणी गहिवराचं होतं की हवा तो हुद्दा न मिळाल्याच्या अपमानाचं? कॅमेऱ्याने खोटं काहीच सांगितलेलं नाही, तरी अर्थ नऊ महिन्यांत उलटा झाला.

त्या सत्तापालटाने केप व्हर्दे आणि गिनी-बिसाऊ एकत्र आणण्याची योजनाही संपली. 'लुता का काबा इंदा' (लढा अजून संपलेला नाही) हा १९८० चा माहितीपट अर्धवटच राहिला. जी गोष्ट सांगायची होती तिचा शेवट देशानेच बदलला.

शेवंता

हे मात्र पटलं. सूचना: तो शॉट दोनदा दाखवा. आधी काहीही न सांगता. मग तारीख आणि पुढचं सांगून. मध्ये दहा मिनिटं जाऊ द्या. सभागृहात 'माहितीपटकार की पक्षाचा माणूस' हा प्रश्न त्यानंतर वेगळ्या रूपात येईल.

पडद्यामागचा

शेवंता, उत्तम. फक्त त्यासाठी त्या चित्रपटाच्या हक्कधारकाची लेखी परवानगी लागेल. तुकडा दाखवणं आणि पूर्ण चित्रपट दाखवणं यांची परवानगी वेगळी असते, शुल्कही वेगळं. 'शैक्षणिक आहे' एवढं म्हणून भागत नाही, तिकीट लावलं असेल तर नाहीच. पत्रात तुकड्याची सुरुवात-शेवट वेळ, प्रेक्षकसंख्या, तिकीट आहे की नाही, आणि एकदाच की पुन्हा, एवढं लिहा. उत्तराला दोन महिने धरा.

बीटगणित

डिजिटल झालं म्हणजे वाचलं असा सूर दिसतो, म्हणून थोडं गणित. १६ मिमीला टूके (आडवे सुमारे दोन हजार बिंदू) पुरतं. एक चौकट १० बिटमध्ये साधारण १२.७ एमबी, सेकंदाला ३०० एमबीच्या वर, तासाला १.१ टीबी. कुठल्याही छोट्या संस्थेचं कंबरडं मोडायला दहा-वीस तास पुरतात. एफएफव्ही१ सारख्या नुकसानरहित पद्धतीने जागा बरीच वाचते, पण फुटेजमध्ये दाणा जितका जास्त तितकी बचत कमी, आणि ही रीळं दाणेदार आहेत.

प्रती तीन, माध्यमं दोन, एक प्रत दुसऱ्या शहरात. एलटीओ (डेटा साठवायच्या चुंबकीय) फितीवर ठेवलं तरी एलटीओ-८ यंत्र फक्त एक पिढी मागचं वाचतं, म्हणजे दर सात-आठ वर्षांनी सगळं नव्या फितीवर हलवायचं. वातानुकूलित खोलीचा खर्च संपत नाही, तो विजेच्या बिलातून यंत्रांच्या बिलात जातो.

नवखा

पण मग मूळ रीळं फेकून दिली तरी चालतील ना?

रीळमास्तर

नाही हो! उद्याचा स्कॅनर आजच्यापेक्षा चांगला असेल, आणि कडेवरचे क्रमांक, हाताने केलेले सांधे, पेन्सिलच्या खुणा या रीळावरच असतात. ध्वनिवेडांच्या हरवलेल्या चिठ्ठ्यांची जागा अनेकदा त्या खुणा घेतात.

आणि कोणी पुण्यातल्या २००३ च्या आगीची आठवण काढण्याआधी सांगतो: ती नायट्रेट फिल्म होती, ती पेटते. ॲसिटेट सहसा पेटत नाही, ते आतून कुजतं. दोन्हींचे इलाज वेगळे, एकाच कोठीत ठेवू नयेत.

अनुस्वार

उपशीर्षकांबद्दल कोणीच बोललं नाही. मूळ भाषा क्रियोल आणि पोर्तुगीज, उपलब्ध उपशीर्षकं बहुधा इंग्रजी. मराठी करायची असतील तर लक्षात ठेवा: डीसीपीच्या (थिएटरात चालणारी डिजिटल प्रत) सर्व्हरला देवनागरी जोडाक्षरं जुळवता येतीलच असं नाही. 'स्वातंत्र्य' फोडून 'स् वा तं त् र् य' असं दिसलेलं चालेल का? फॉन्ट जोडून मजकूर पाठवण्यापेक्षा प्रत्येक ओळ पीएनजी चित्र म्हणून द्या किंवा सरळ चित्रावर छापून घ्या. दोन ओळींपेक्षा जास्त नको. करड्या, धुकं चढलेल्या चित्रावर पांढरी अक्षरं बुडतात, काळी कड जाड ठेवा.

शेवंता

आणि नावांचे उच्चार एकदा ठरवून पत्रिका, निवेदन, उपशीर्षकं तिन्हीकडे तेच ठेवा. वर एवढ्यात काब्राल, काब्रालांचे भाऊ आणि नीनो यांत मीच दोनदा अडखळले.

चित्रकथी

सगळ्यांचे आभार. यावरून ठरवलेला कच्चा आराखडा टाकतो, तासून द्या:

नकाशा, तारखा आणि काजू: १० मिनिटं. आवाज आणि डबे (ध्वनिवेडांची ओळ): ५. बिनआवाजी रीळांचे दोन तुकडे, प्रत्येकी ७, पहिला निवेदनाशिवाय, दुसरा निवेदनासह. समारंभाचा शॉट पहिल्यांदा: २. मग 'ओ रेग्रेसु द अमिल्कार काब्राल', १९७६ चा, काब्रालांचे अवशेष कोनाक्रीहून बिसाऊला आणले तेव्हाचा, अर्ध्या तासाच्या आसपास. समितीला हवा असलेला 'पूर्ण' चित्रपट तो. मग समारंभाचा शॉट पुन्हा, तारखांसह: ३. शेवटी 'बिसाऊ द'इझाबेल' (२००५) मधला तुकडा, एका बाईच्या दिनक्रमातून युद्धानंतरचं शहर: १५. उरलेला वेळ चर्चेला. २०२३ चा 'नोम' मोठा आहे आणि त्यात त्यांनी स्वतःचंच जुनं फुटेज कथेत वापरलंय, त्यामुळे तो वेगळ्या दिवशी.

दर्यावर्दी

चांगला आहे. 'रेग्रेसु'नंतर लगेच समारंभ नको, मध्ये पाच मिनिटं दिवे लावा. अंत्ययात्रेच्या गर्दीनंतर प्रेक्षक कुठलीही मिठी खरीच मानतील, तुमचा प्रयोग फसेल.

शेवंता

कमांडोंचा उल्लेख निवेदनात कुठे आहे?

चित्रकथी

दुसऱ्या, निवेदनासह असलेल्या रीळावर. परेडचं दृश्य आहे तिथे, दोन वाक्यं.

शेवंता

मग ठीक. दोन वाक्यं आकड्यांशिवाय ठेवा, आकड्यांवर वाद आहेत.

खवचट खारूताई

काजू खारे की साधे हे समितीत मताला टाका, बाकी सगळं एकमताने पास होईल.

पडद्यामागचा

शेवटचं, पण यावर कार्यक्रम अडतात. डीसीपी कुलूपबंद येत असेल तर किल्लीची (ती उघडणारी डिजिटल फाइल) वेळ बघा. युरोपातून पाठवणारे अनेकदा वेळ त्यांच्या हिशोबाने किंवा यूटीसीत लिहितात. 'संध्याकाळी ६ पासून' यूटीसीत असेल तर आपल्याकडे ती रात्री साडेअकराला उघडते. किल्ली आदल्या दिवशी सकाळपासून चालू हवी असं मागा, म्हणजे चाचणी घेता येईल. सर्व्हरचा अनुक्रमांक थिएटरकडून फोटोसकट घ्या, तोंडी नको. एक अंक चुकला तरी किल्ली लागत नाही आणि नवी यायला दोन दिवस जातात. चाचणीत फक्त पहिला मिनिट नाही, मराठी उपशीर्षकांचा एखादा जोडाक्षरांनी भरलेला मधला भागही चालवून बघा.